पाठीवरचा फवारा

१४ जानेवारी

चि. धाकटीस,
अ. उ. आ. वि. वि.

तुझं पत्र मिळालं. मी जेवतो, झोपतो, गोळ्या वेळेवर घेतो. तुझे तिन्ही प्रश्न संपले. तुझी ताई जाऊन तीन महिने होत आले. घर व्यवस्थित आहे, आणि तेच चुकल्यासारखं वाटतं. पायात कुठेही तिच्या वायरी येत नाहीत.

रविवारी तिचे जुने भागीदार भेटायला आले. दुःख व्यक्त करून झाल्यावर त्यांनी विचारलं, की तो जुना संगणक अजून आहे का. संग्रहालयात नवं दालन उघडतंय, घरगुती संगणकांवर लोक पहिल्यांदा चित्रं काढू लागले त्या काळाचं. त्यात 'रंगपाटी' ठेवणार आहेत. आपल्या मागच्या खोलीत बसून ताईने लिहिलेला चित्रांचा प्रोग्राम तो हाच. तिने लिहिला, भागीदारांनी विकला. काळापांढरा पडदा, साबणाच्या वडीएवढा माउस, आणि ती रंगाची बादली. रेघेत ठिपक्याएवढी फट राहिली, की त्यातून रंग गळून अख्खा पडदा काळा व्हायचा, तीच.

मी संगणक दिला. धूळ बसू नये म्हणून ताई त्याला माझा एक जुना बनियन घालून ठेवायची. भागीदार घाईत होते, बनियनसकटच घेऊन गेले.

जाण्यापूर्वी त्यांनी दालनातल्या फलकाचा मजकूर वाचून दाखवला. रंगपाटीचे जनक ते एकटेच आहेत. ताई 'घरच्या मंडळींचे सहकार्य' यात येते, असं त्यांनी मला समजावून सांगितलं. फवाऱ्याला स्वतंत्र परिच्छेद आहे. माउस दाबला की ठिपक्यांचा शिंतोडा उडायचा, तो फवारा. ते ठिपके भागीदारांना एकदा गच्चीवर पडून तारे बघताना सुचले म्हणे. मी चहा पुढे केला. ठिपके कुठून आले ते मला माहीत आहे, पण ते लिहिण्यासारखं नाही.

ताईमुळे तू माझी मेहुणी. आता लोभ कुठल्या हक्काने मागावा ते कळत नाही. तरी असू दे.

तुझे,
भावोजी

---

२२ जानेवारी

ती. भावोजींस,
शि. सा. न. वि. वि.

मेहुणीचं पद तहहयात असतं. पुन्हा असं काही लिहिलंत तर पत्र लाल शेरे मारून परत पाठवीन.

त्या दीडशहाण्याला तुम्ही संगणक दिलात, चहा दिलात, वर बनियन दिलात. खुर्ची तरी ठेवलीत ना घरात? म्हणे तारे! त्या माणसाने गच्चीवर जाऊन पाण्याची टाकी सोडून दुसरं काही पाहिलं असेल तर माझं नाव बदला. ताई सांगायची, तो गिऱ्हाइकासमोर माउस उलटा धरायचा. मग बाण भलतीकडे पळाला, की ही डावखुऱ्यांची खास सोय आहे म्हणून ठोकून द्यायचा. आणि त्यावर दोन प्रती जास्त विकून यायचा, हेही तीच हसत सांगायची.

आता मला हिशेब समजावा. त्या वर्षात स्वयंपाक तुम्ही करत होतात, म्हणजे सहकार्य तुमचं. जनक तो. मग माझी ताई त्या घरात कोण होती, भाडेकरू?

जे लिहिण्यासारखं नाही ते आधी लिहा. मला एवढंच आठवतं, की त्या उन्हाळ्यात ताईने माझ्या शिवणवर्गातून नमुने उतरवायचा पातळ कागद नेला. गुंडाळीची गुंडाळी नेली, परत केली नाही. त्याच सुमाराला बनियनवरचा शाईचा डाग कशाने जातो, असंही विचारलं होतं. मी लिंबू-मीठ सांगितलं. प्रोग्राम लिहिणारी बाई बनियनला शाई कशी लावते, हे कोडं मला अजून सुटलेलं नाही.

उत्तराची वाट बघत नाही, उत्तर मागते आहे.

तुमची,
धाकटी

---

२ फेब्रुवारी

चि. धाकटीस,
अ. उ. आ. वि. वि.

तू मागतेस म्हणून लिहितो. वाचून पत्र बाजूला ठेव, वर्गात वाचून दाखवू नकोस.

फवाऱ्याचे ठिपके विखुरलेले दिसायला हवे होते. दर वेळी नवे ठिपके शोधायला लावलं, तर ते यंत्र दमेकऱ्यासारखं चालायचं. म्हणून विखुरलेल्या ठिपक्यांचा एकच नमुना आत कायमचा ठेवायचं ठरलं. तो मिळेना. हाताने काढला तर तुझ्या ताईचे ठिपके शहाण्या मुलांसारखे रांगेत बसायचे. चौकटीच्या कागदावर मोहरी टाकून पाहिली, ती घरंगळून कोपऱ्यात जमली. पुढे कितीतरी दिवस ती पायाला लागत होती.

मग एका दुपारी पंखा बंद पडला. मी बनियन काढून फरशीवर पालथा पडून वर्तमानपत्र वाचत होतो. ती मागे बसली होती. एकदम म्हणाली, की आता अजिबात हलायचं नाही. तुला सांगायला संकोच वाटतो, माझ्या पाठीवर तीळ आहेत. बरेच आहेत. तिने तुझा कागद पाठीवर पसरला आणि पेनाने एकेक टिपून घेतला. मला गुदगुल्या होत होत्या. हललो, की ती पुन्हा पहिल्यापासून सुरू करायची.

तर तो फवारा म्हणजे माझी पाठ. हे मी कुणाला सांगणार नाही, दाखवणं तर दूरच. डॉक्टरांनीही मला आजवर शर्टावरूनच तपासलं आहे.

लोभ वाढला नाही तरी चालेल, हसू आवर.

तुझे,
भावोजी

---

९ फेब्रुवारी

ती. भावोजींस,
शि. सा. न. वि. वि.

हसू आवरलं नाही. वर्गातल्या सगळ्या मशिनी थांबल्या. हसता हसता ताईच समोर आली, तेव्हा चष्मा काढून पुसावा लागला. वाचून दाखवलं नाही, शपथ.

तुम्हाला न विचारता मी संग्रहालयाच्या बाईंना सगळं कळवलं आहे. रागवा, पण आधी ऐका. अब्रू तुमची आहे, पण नाव ताईचं आहे. तुम्ही जन्मात कुणाशी भांडला नाहीत, आताही भांडू नका. तिथे जाऊन नुसती पाठ फिरवा. बाई म्हणतात, तूर्त फोटोवर भागेल.

रागातही लोभ राहू द्यावा.

तुमची अगोचर,
धाकटी

---

३ मार्च

चि. धाकटीस,
अ. उ. आ. वि. वि.

रागावलो होतो. म्हणून उत्तराला उशीर झाला.

फोटो स्टुडिओत गेलो. पाठीचा फोटो कुठल्या अर्जाला लागतो, असं छायाचित्रकाराने विचारलं. मी संग्रहालयाला म्हटलं, तर तो आदराने बघू लागला. मी भिंतीकडे तोंड करून उभा राहिलो तरी त्याने सवयीने हसायला सांगितलं. फोटोचं पाकीट मी न उघडताच संग्रहालयात दिलं.

तिथे समितीच बसली होती. बाई, एक त्वचारोगतज्ज्ञ, एक संख्याशास्त्राचे प्राध्यापक आणि आपले भागीदार. फवाऱ्याचा नमुना पारदर्शक कागदावर मोठा करून माझ्या पाठीवर, म्हणजे फोटोवर ठेवला. मी संकोचाने खिडकीबाहेर बघत होतो. बसला. प्राध्यापक म्हणाले, की हा योगायोगही असू शकतो, मात्र इतक्या मोठ्या योगायोगावर अनुदान मिळायला हवं. डॉक्टरांनी एक तीळ सहा महिन्यांनी पुन्हा दाखवायला सांगितला. भागीदार म्हणाले, की सगळे एकाच खोलीत काम करत होते, तेव्हा पाठ त्यांचीही असू शकेल. बाईंनी लगेच त्यांना शर्ट काढायला सांगितलं. त्यांना त्या दिवशी सर्दी होती.

एवढ्यात नमुन्यात एक ठिपका जास्त निघाला. तो माझ्या पाठीवर नाही. भागीदार उठून उभे राहिले. हा एक तरी ताराच आहे, आणि एक तारा आला म्हणजे आकाश आलं, असं त्यांनी ठणकावून सांगितलं. समिती विचारात पडली. मी बाहेर पडून बसच्या थांब्यापर्यंत गेलो आणि तिथे तुझं लिंबू-मीठ आठवलं. ताई एकदा कागद उतरवून झाल्यावर पुन्हा पाठीवर ठेवून ताळा घेत होती. मी हललो तेव्हा पेन घसरून कागदातून आरपार गेलं होतं आणि पाठीवर भलत्याच जागी शाई उमटली होती. ताळा घेताना तिने ती शाईही तीळ म्हणून धरली. मी तसाच बनियन चढवला, त्यालाही डाग पडला. दुसऱ्या दिवशी आंघोळीनंतर तो तीळ गायब झाला, तेव्हा चूक कळली. तोवर नमुना प्रोग्राममध्ये गेला होता. काढून टाकायला वेळ लागला नसता, पण ती म्हणाली, की राहू दे.

मी परत फिरलो आणि बाईंना विचारलं, की संगणकाबरोबर आलेला बनियन कुठे आहे. तो त्यांनी घडी घालून, चिठ्ठी लावून जपून ठेवला होता. सर्वांसमोर उलगडला. लिंबू-मिठाने डाग गेला नव्हता, हे तुला कळवायला हवं. बरोबर त्या जागी होता.

निकाल कळवतील. लोभाचं काय ते निकालानंतर बघू.

तुझे,
भावोजी

---

११ एप्रिल

चि. धाकटीस,
अ. उ. आ. वि. वि.

तुझ्या वर्गाची परीक्षा होती म्हणून तुला उद्घाटनाला येता आलं नाही. वृत्तांत देतो.

फलकावर तुझ्या ताईचं नाव आहे. पहिलं, पूर्ण आणि ठळक. भागीदारांचं त्याखाली, 'विक्री' या शब्दापुढे. भाषणात त्यांनी सांगितलं, की नवऱ्याच्या पाठीकडे बघ, असं तिला त्यांनीच सुचवलं होतं. टाळ्या पडल्या. मीही वाजवल्या.

बनियन काचेच्या पेटीत ठेवला आहे आणि वरून दिवा सोडला आहे. एक बाई आपल्या मैत्रिणीला म्हणत होत्या, की कापड त्या काळचं चांगलं असायचं. मी जरा लांब जाऊन उभा राहिलो.

भिंतीवर मोठा पडदा लावला आहे. येणारा माणूस माउस दाबतो आणि फवारा उडतो. मोठी रांग होती, मीही तीत उभा राहिलो. माझी पाळी आल्यावर एकदाच दाबलं. त्या ठिपक्यांतले माझे कसे आहेत ते मला सांगता येणार नाही, मी माझी पाठ अजून पाहिलेली नाही. तिचा ठिपका मात्र लगेच सापडला.

लोभ असावा. हे आता विचारत नाही, हक्काने लिहितो.

तुझे,
भावोजी