पांढऱ्या पडद्यामागचं दार

गुरुवार, संध्याकाळ

सोमण्णाच्या दूधदुकानावर कॅमेरा मीच फुकटात बसवून दिला होता. त्याची खरी किंमत आज कळली: माझ्या अक्काचा पाय. ती पुन्हा चालेल की नाही, डॉक्टर सांगत नाहीत. आणि तिला उडवणारा मोकळा.

आमच्या हिनकल गावभर सांगत फिरायचो, 'माझा कॅमेरा सूर्याच्याही डोळ्याला डोळा भिडवतो!' आज पोलिसांसमोर चित्र लावलं. अक्का दुधाची पिशवी घेऊन रस्त्यात उतरते, समोरून कोवळं ऊन थेट कॅमेऱ्यात येतं आणि पडदा पांढराफटक. धडक फक्त ऐकू आली. गाडी नाही, नंबर नाही.

"एनु सार, बरी बेळकु!" हवालदार म्हणाला. नुसता उजेड. "नंबर दाखवा राव, सूर्यदर्शन आम्ही घरी घेतो."

पण माझे कान तिखट. त्या पांढऱ्या पडद्यामागं गाडीचं दार उघडलं. कुणीतरी म्हणालं, "बिडु, होगोण." सोड, जाऊया. दार बंद. म्हणजे त्यांनी तिला पडलेली पाहिली होती! पण आवाजावरून नंबर कसा काढू? ते दार अजून कानात आपटतंय.

सोमण्णा हळूच म्हणाला, "स्वस्तातला माल असेल हो." मी भडकलो. लष्कर मोहल्ल्यात मीच बसवलेला हाच माल अशाच उन्हात नंबर टिपतो, मग इथंच काय झालं?

शिडी लावून वर चढलो. कॅमेऱ्याच्या काचेवर गंधाचा फराटा होता, सकाळचं ऊन त्याच्यावरच फाकलं होतं. दसऱ्यात अवजारं पूजतात त्या आयुधपूजेला ते गंध मीच लावलं होतं, आणि बोटानं पुसलंही मीच.