मेणाचं बाळ आणि जुलियानाचं दुखणं

चि. प्लासिडला आजीचे आशीर्वाद, आणि एक आठवण. आईला पाठवलेल्या पत्रात तू लिहिलंस, तिला माहेरी पाठवून द्या. तिला म्हणजे कोणाला, बाबा? लग्नाला दोन पावसाळे झाले नाहीत तर बायकोचं नाव विसरलास? जुलियाना. आजीची विचारपूसही विसरलास, म्हणून मीच सांगते: गुडघे कुरकुरतात, जीभ शाबूत आहे. मुंबईच्या पाण्यात तुझं पोट ठीक आहे ना? हे पत्र मास्तरीण रोझलिन लिहून घेतेय (मला अक्षर येत नाही हे तरी आठवत असेल). मधूनच थांबते, तिचे कान लाल होतात. मी सांगितलंय, बाई, हात तुझा, तोंड माझं, तू कशाला लाजतेस?

तर जुलियानाला नाजूक जागी चामखिळी आल्या. लाजेने कित्येक दिवस बोलली नाही, मग विहिरीवर माझ्याजवळ रडली. मी म्हटलं, दाखव. (गावातली अर्धी बाळंतपणं मी केलीत, मला कसलं नवल.) पण नवल वाटलंच. कोंबड्याच्या तुऱ्यासारखे बारीक कोंब, दुखत नाहीत, नुसते खाजतात. हे येतं कुठून, या विचाराने मला झोप लागेना. तुझ्या आईला मात्र लगेच कळलं: केळीच्या वाडीत बेडूक मुतला. घोड्याच्या शेपटीचा केस बांधला की चामखीळ गळते म्हणून ती सॅन्टन टांगेवाल्याकडे गेली. त्याने सहज विचारलं, कुठे बांधायचाय? तुझी आई केस न घेताच परतली. मग बिब्बा लावायला निघाली, तो मी परसात भिरकावला. पोरीची कातडी जळली असती.

मग नवस. वांद्र्याला मोतमावलीच्या जत्रेत, जे दुखतं ते मेणाचं करून माऊलीला वाहायचं, म्हणून मेणाचा हात मिळतो, पाय मिळतो, डोळे मिळतात, अख्खं घरसुद्धा मिळतं. आपल्याला हवं होतं ते मांडलेलं नव्हतं, आणि मागायला तुझ्या आईची जीभ रेटेना. मागे गावातल्याच बायका उभ्या. घाईघाईत तिने मेणाचं बाळ उचललं. जागा तीच, असा तिचा हिशेब. ती घरी पोचण्याआधी बातमी पोचली. जुलियानाला कोणी पपई खाऊ देईना, कोणी टोपडी आणून दिली. बिचारीला खाजवायची सोय नाही, वर अभिनंदनं! एवढं करून गुण आला नाही, तेव्हा तुझी आई म्हणाली, हिने हे माहेरून आणलं.

मग मीच तिला टांग्यात घालून स्टेशनाजवळच्या डॉक्टरीणबाईंकडे नेलं. त्यांनी भिंग लावून पाहिलं, गरमीचा रोग तर नाही ना म्हणून रक्त तपासलं, आणि विचारलं, पोटुशी आहे का? मी म्हटलं, गाव म्हणतो हो, पण ते मेणाचं आहे. हे समजवायला वेळ लागला. पण विचारण्यात अर्थ होता: त्यांचं तपकिरी औषध पोटुशीला चालत नाही. भोवती व्हॅसलीन, कोंबांवर तेवढं औषध, काही तासांनी धुवायचं, आठवड्याने परत. घरी कोणी लावायचं नाही. पुन्हा उगवलं तर पुन्हा जायचं. मी विचारलं, आणि बेडूक? त्या हसल्या. डोळ्यांना न दिसणारं विष आहे म्हणे, कातडीला कातडी लागून जातं, नवराबायकोत तर फारच सहज. महिनोन्महिने दडून बसतं, म्हणून आधी कोणाला झालं हे सांगता येत नाही. बरं होईस्तोवर वेगळं निजावं. रबरी पिशवीने थोडं वाचतं, पुरतं नाही. (हे फादरच्या कानावर घालू नकोस.) निघताना म्हणाल्या, "आजी, एकालाच तपासलं तर काम अर्धंच झालं."

जुलियानाचे कोंब आता वाळू लागलेत. बाकी केळी बरी, कोंबड्या बऱ्या.

तुझी आजी कार्मिन (अंगठा माझाच आहे)

ता. क. जुलियाना माहेरी गेलेली नाही. मी दारात बाजलं टाकून बसलेय. तिला घालवायचं तर तुझ्या आईला मला ओलांडावं लागेल.

ता. क. पुन्हा. मे महिन्यात आंबे खायला आलास तेव्हा घडीघडी खाजवायला परसात जायचास. मी समजले मुंग्या चावल्या. आता समजलं, मुंग्या नव्हत्या. रागावत नाही रे, घाबरलास एवढंच. डॉक्टरीणबाईंचे यजमानही डॉक्टर आहेत, पुरुषांना ते पाहतात. या रविवारी तुझी वेळ घेतलीय. जुलियानाला मी काही बोलले नाही, ते तू बोल.

ता. क. शेवटचं. माहीमचा हलवा पाठव, पापुद्र्यांचा, जुलियानाला आवडतो तो. दुसऱ्या कोणाच्या हाती आला तर मी दार उघडणार नाही. तुझ्याच हाती पाठव.