बिनलग्नाचे पणजोबा

मुक्काम चारठाणा
मार्गशीर्ष, फसली सन १३४७, शुक्रवार

तीर्थस्वरूप दिनकरमामा यांच्या चरणी भाचा वैजीनाथ याचा शिरसाष्टांग नमस्कार.

तुमचा गुडघा कसा आहे? जिनिंगच्या धुराळ्याने खोकला वाढला असेल तर हळद घालून दूध घ्यावे. मामींना नमस्कार. गोजरला काय लिहावे ते सुचत नाही (दोनदा लिहून खोडले), म्हणून नुसते नाव लिहितो: गोजर. इकडील सर्व मंडळी सुखरूप आहेत. सर्व म्हणजे जी इकडे आहेत ती.

येत्या गुरुवारी तुम्ही गोजरची आणि माझी सुपारी फोडायला येणार आहात. त्यात एक लहानशी अडचण आली आहे. पत्र संपेपर्यंत पागोटे डोक्यावर चढवू नये, ही विनंती.

तुम्ही सेलूचे, रेल्वेने माल पाठवणारे. रेल्वे परभणीला नेते, पण आजच्याच परभणीला. आमच्या उलट्या वाटेची रीत वेगळी, ती थोडक्यात लिहितो. जुन्या देवळामागून गाडी घातली की बोरीच्या झुडपांपाशी बैल आपोआप मान वळवून मागे बघतात आणि आपण ऐंशी वर्षांपूर्वीच्या चारठाण्यात निघतो. नाला तोच, कुत्रीसुद्धा त्याच वळणाची. आपण आगपेट्या न्यायच्या आणि तूप आणायचे. तिकडे एक काडी ओढली की अख्खी आळी गोळा होते, आणि काडी विझली की म्हाताऱ्या हळहळतात. परतताना वाटेवर नाका आहे. नाकेदार साहेब दर खेपेला डब्यात बोट घालून विचारतात, "ये घी कब का है?" ऐंशी वर्षांपूर्वीचे म्हणावे तर ते डबा ओतून देतील, आणि आज सकाळचे म्हणावे तर ते खोटे धरतील. (दोन्ही खरे आहे.) मग ते बोट चाटतात आणि कागदावर 'ताजा' असे लिहितात.

ताफ्याचे म्होरके मुंजाजी यांनी सोमवारी माणसे मोजण्याचे काम माझ्याकडे दिले, कारण मी नीट मोजतो. नियम असा की जितके गेले तितकेच परत यावेत. थंडी कडक होती, सगळे डोक्यावरून घोंगडी घेऊन बसले होते. मी एकदा घोंगड्या मोजल्या, एकदा गुडघे मोजून निम्मे केले. गेलो सात, आलो सात. नाक्यावर "कित्ते गये थे?" विचारले तेव्हा मी इतक्या ठणठणीत आवाजात "सात!" म्हणालो की बैल दचकले.

घरी उतरलो आणि सातव्या घोंगडीतून एक अनोळखी पोरगा निघाला. मिसरूड नुकते फुटलेले, डाव्या भुवईत खोक. आमची चतुराआजी सूप घेऊन दारात आली. तिने भुवईकडे पाहिले, सूप टाकले आणि कपाळावर पदर ओढून आत पळाली. "अगं बया, मामंजी!"

मामा, ते माझे पणजोबा लिंबाजी. वय वर्षे एकोणीस.

तेव्हापासून घरातले थोरले तेच. वडिलांच्या मिशा पांढऱ्या झाल्या आहेत, ते वाकून पाया पडले; पणजोबांनी त्यांच्या डोक्यावर हात ठेवून "मोठा हो, बाळा" असे सांगितले. पंगतीत पहिले पान त्यांचे. आजी त्यांच्यासमोर येत नाही आणि ते सुनेशी थेट बोलत नाहीत, म्हणून मला उंबऱ्यात उभे राहावे लागते. ते म्हणतात, "सुनबाईला सांग, वरण अळणी हाय." दाराआडून उत्तर येते, "मामंजींना म्हणावं, मिठाचं गाडगं तुमच्या उशाशीच हाय." चहा त्यांना इथे येऊन कळला. आता बशी खाली ठेवत नाहीत.

मी हात जोडून म्हणालो, "आता परत चला, तिकडं वाट बघत असतील." ते म्हणाले, "तिथं सात म्हशी माझ्या मागं. त्यात रविवारी लगीन, अन् पोरगी लय तिखट हाय म्हणत्यात. हितं समदे पाया पडायलेत. मी न्हाई जात."

आणि हीच ती अडचण. वडिलांनी गुरुवारच्या सुपारीचा विषय काढला, तर पणजोबांनी बशी आपटली. "थोरला बिनलग्नाचा घरात बसलेला, अन् पणतू बाशिंग बांधणार? लोक शेण घालतील तोंडात!" मुंजाजींना विचारले. त्यांनी बराच वेळ तंबाखू मळली आणि निकाल दिला, "बोलणं बराबर हाय. आधी थोरल्याचं." म्हणजे पणजोबा परत जाऊन बोहल्यावर उभे राहत नाहीत तोवर मला गोजर नाही, आणि ते तर हलायला तयार नाहीत. मी चार दिवस जेवलो नाही. (तूप-भात खाल्ला, पण मन लागले नाही.)

कळावे, लोभ आहे तो असाच राहू द्यावा.

तुमचा आज्ञाधारक
वैजीनाथ

ता. क. गेलो सात, आलो सात, त्यात एक नवा. तुम्ही व्यापारी माणूस, तुमच्या लक्षात आलेच असेल की एक तिकडे राहिला. तो हौसेने ताफ्यासोबत आलेला तुमचा चिरंजीव भुजंग. काळजी नसावी, पणजोबांच्याच घरी आहे आणि तूप भरपूर आहे.

ता. क. दुसरा, शनिवार सकाळ. आजचा ताफा भुजंगदादाची चिठ्ठी घेऊन आला. नवरीकडची मंडळी हळदीला आली आणि नवरा गायब. घराण्याची लाज जाऊ नये म्हणून त्यांनी दादालाच पाटावर बसवून हळद लावली. दादा लिहितो, 'पोरगी नर्मदा नाकीडोळी नीटस आहे, माझी वाट बघू नका.' मामा, उद्या हे लग्न लागले तर भुजंगदादा माझा पणजोबा, गोजर माझ्या पणजोबांची बहीण आणि तुम्ही माझे खापरपणजोबा. मग कसली सुपारी! मिळेल त्या गाडीने यावे आणि पोराला कान धरून आणावे.

ता. क. तिसरा, शनिवार दुपार. निघू नका. चिठ्ठी पणजोबांनी ऐकली. बशी खाली ठेवली, पाच दिवसांत पहिल्यांदाच न आपटता. "माझी बायको? अन् त्या सेलूवाल्यासंगं? म्हशी सात काय, चौदा राखीन!" ताफ्याची वाट न बघता त्यांनी आमचेच बैल जुंपले. गाडी हलली तोच चतुराआजी मागून चढली. मी विचारले, "तू कुठं?" म्हणाली, "सासूबाईंनी मला पंधरा वरसं जात्यावरून उठू दिलं न्हाई. आता त्या नवी नवरी अन् मी सत्तरीची. जरा बघून येते."

तेव्हा गुरुवारी नक्की यावे. गाडी वेळेवर पोचली असेल तर तुमचा जावई, नसेल तर तुमच्या मुलाचा पणतू, दोन्ही नात्यांनी पुन्हा एकदा नमस्कार.