पाचवा, पाणी, सहावा

९ जानेवारी

ब्रश आणखी एकदा फिरवला आणि दात दिसले. दुधाचे. हात तिथेच थांबवला.

उत्खननाच्या प्रमुखांना हाक मारली. त्यांनी खड्ड्याच्या काठावरूनच विचारलं, "कुत्रं?"

कुत्रं नाही, म्हटलं. मूल आहे.

डावीकडे पाचव्या राजाचं थडगं, उजवीकडे सहाव्याचं. मध्ये नुसती माती असायला हवी होती.

संध्याकाळी दवाखाना. बाबा तसेच. उजवी बाजू गेलेली, वाचा गेलेली, नाकात नळी. उशाशी आत्या, तिच्या स्टुलावर. म्हणाली, "बघ, माझा भाऊ जन्मात पहिल्यांदा माझं पूर्ण ऐकून घेतोय."

हसले. मग जिन्यात रडले.

१० जानेवारी

हाड उचलण्याआधी त्याचं जागच्या जागी चित्र काढायचं, हे माझं काम. दिवसभर त्याच्याजवळ पालथी पडून होते. गुडघे पोटाशी. मानेच्या मणक्यावर एक सरळ काप. दंडात तांब्याचं कडं — पाचव्याच्या दंडात आहे तेच, तीच नक्षी, तेच मोठ्या माणसाचं माप. घसरू नये म्हणून आतून दोरा गुंडाळलेला. दोरा केव्हाच कुजला, पण गंजात त्याचा पीळ उमटून राहिलाय.

कुणीतरी तो बारका दंड हातात धरून माप घेतलं असणार. लवकर मोठा हो, असंही म्हणालं असेल.

प्रमुख म्हणतात, सहाव्याबरोबर पुरलेला नोकराचा पोरगा. मी विचारलं, मग कडं?

"कडं कुणालाही चढवता येतं. राजा म्हणायचं तर मला नाव हवं. तुझ्या बाबांच्या वंशावळीत आहे का मध्ये कुणी?"

नाही. पाचव्यानंतर सहावा.

११ जानेवारी

आमच्या घराण्याकडे राजांची वंशावळ आहे. लिहायची नाही, तोंडपाठ ठेवायची, बापाने मुलाला द्यायची. बाबा दादाला दार लावून शिकवायचे. मी बाहेर दाराला पाठ टेकून भाजी निवडत बसायचे. दादा सगळं विसरला. मला सगळं येतं. ते कुणी विचारलेलं नाही.

आज बाबांच्या म्हणण्याचं जुनं रेकॉर्डिंग ऐकलं. पाचवा गेला, नदी थांबली. सहावा आला, नदी चालली. दोन्ही ओळी एकमेकींना चिकटलेल्या.

दाराबाहेर मी ऐकलं ते असं नव्हतं! मध्ये थांबणं होतं. वाटी उचलल्याचा आवाज, मग जमिनीला टेकवल्याचा. एवढ्या राजांत फक्त इथे. मला वाटायचं, घसा सुकतो. रेकॉर्डिंग करणाऱ्यालाही तेच वाटलं असणार. त्याने ते कापून टाकलं.

दादाला फोन केला. पाचव्यानंतर बाबा काय करायचे रे?

"पाणी प्यायचे."

म्हणजे?

"म्हणजे पाणी प्यायचे! वाटी तोंडाला लावायची, आतल्या आत ओठ हलवायचे. आवाज काढायचा नाही. मी एकदा विचारलं, तर म्हणाले, ते तुला शेवटी देईन."

शेवटी म्हणजे कधी?

"शेवटी म्हणजे शेवटी गं."

मग ये ना! आता आणखी कुठला शेवट हवाय तुला?

"बोलणं त्यांनी टाकलं. मी नाही." ठेवला फोन.

त्याला मुलगी झाली तेव्हाचं भांडण. बाबा म्हणाले, हिला आपल्या घरातलंच नाव ठेवायचं — आत्याचं नि माझं आहे तेच. दादा म्हणाला, एक हाक मारली की दोघी ओ देतात, आता तिसरी कशाला? शिवाय जुनाट नाव. बाबांनी ताट सरकवलं ते सरकवलंच. मला तेव्हा वाटलं, राजे म्हणता म्हणता स्वतःच राजा होऊन बसलेत.

१२ जानेवारी

अठराला हाडांच्या पेट्या बंद. एकोणीसला खड्डा बुजवणार. वरून रस्ता जायचाय.

प्रमुखांच्या मसुद्यात ओळ आहे — 'सेवकाचे मूल, अनामिक.'

१३ जानेवारी

बाबांना पाणीसुद्धा मागता येत नाही. पण आज त्यांच्या कानाशी वंशावळीची पहिली ओळ म्हटली, आणि दुसरी त्यांनी म्हटली! स्पष्ट. दाराआडून यायचा त्याच आवाजात. सिस्टर सलाइन लावता लावता थांबल्या.

पाचव्यापर्यंत आलो. पाचवा गेला, नदी थांबली. बाबा थांबले. डावा हात ओठांकडे गेला. वाटी.

सिस्टर म्हणाल्या, "थेंबसुद्धा नाही हं. त्यांना गिळता येत नाही. पाणी सरळ फुफ्फुसात जाईल."

ओला बोळा ओठांना लावला. त्यांनी तोंड फिरवलं. सहाव्याची ओळ मीच म्हणून पाहिली. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी काही चोरते आहे. पुढे एक अक्षर नाही.

१४ जानेवारी

पुन्हा पाचव्यापर्यंत. पुन्हा हात ओठांकडे. दिली नाही.

१५ जानेवारी

पुन्हा. बाबा रडले. एकाच डोळ्यातून.

१६ जानेवारी

वाटीत ते जे काही म्हणतात, ते नाव आहे. मला खात्री आहे. सहाव्याने ते बंद करवलं, आणि आमच्या माणसांनी मान डोलावून नाव काढून टाकलं, जागा मात्र ठेवली. आता ते एका माणसाच्या तोंडात उरलंय. त्या तोंडाला पाणी लावलं तर माणूस जाईल. नाही लावलं तर नाव जाईल, आणि माणूसही जाईलच — डॉक्टर आता नजरेला नजर देत नाहीत.

आणि मला नक्की कुणासाठी हवंय? खड्ड्यातल्या त्या पोरासाठी? की दाराबाहेर भाजी निवडणाऱ्या पोरीसाठी?

आत्या म्हणाली, "चार दिवस पाणी मागतोय तो. कसली गं लेक तू?"

मरतील, आत्या.

"आणि तुझ्या त्या नळीने काय अमर होणारे?"

शी! तिच्यावर ओरडले. सगळा वॉर्ड बघत होता.

१७ जानेवारी

दिली.

दुपारी. सिस्टर पलीकडच्या खोलीत होत्या. घरून वाटी आणली होती, पर्समध्ये, चोरासारखी. आत्याने पडदा ओढला. पहिल्यापासून म्हणत आलो, ते आणि मी. पाचवा गेला, नदी थांबली. मी वाटी ओठांशी धरली.

बाबांनी पाण्यात तोंड घातलं आणि नाव घेतलं. आवाज काढायचा नव्हता, पण आवाजावर आता त्यांचा ताबा कुठे उरलाय? मोठ्याने निघालं.

मी म्हटलं, ओ.

स्टुलावरून आत्याही म्हणाली, ओ.

बाबांनी मान हलवली. नाही. तुम्ही नाही. मग वाटीवरून माझ्याकडे बघत म्हणाले, सहावा आला, नदी चालली.

आत्या हळूच म्हणाली, "मला वाटलं, मलाच हाक मारली."

तिच्या आत्याचं नाव काय होतं, विचारलं.

"तेच की. तिच्या आत्याचंही तेच. आमच्या घरात एक तरी लागतेच."

मुलगी होती! मी आठ दिवस पोरगा पोरगा करते आहे. राजा म्हणजे मुलगी होती. मोठ्यांचं कडं दोरा गुंडाळून घालणारी. तिचं नाव घ्यायला बंदी आली, तेव्हा आमच्या माणसांनी ते लेकींना देऊन टाकलं — ज्यांना काही शिकवायचं नसतं, ज्यांना कुणी काही विचारत नाही. आणि मग पिढ्यान्‌पिढ्या अंगणातून ओरडत राहिले. जेवायला ये. दिवा लाव. कुठे मेलीस.

ताट का सरकवलं ते आज कळलं, बाबा.

पुढची ओळ झालीच नाही. ठसका लागला. थांबेना. ओठ निळे. मशीन, नळ्या, धावपळ. सिस्टरनी पडदा फाडल्यासारखा बाजूला केला. "कुणी दिलं पाणी? कुणी दिलं?"

मी, म्हटलं.

आता ताप आहे. छातीत घरघर. दादाला फोन लावला. तोच म्हणाला, निघतो.

१८ जानेवारी

बाबा पहाटे गेले. दादा पोचायचा होता. आत्या म्हणाली, तू जाऊन ये, मी आहे इथे.

खड्ड्यावर गेले. तिच्या पेटीच्या चिठ्ठीवर वरच्या ओळीत नाव लिहिलं.

प्रमुख म्हणाले, "अगं, तुझी सही खाली."

माहीत आहे, म्हटलं, आणि पेटी बंद केली.