यशवंतपूरचे घर, माझ्या घटस्फोटित सुनेला

मी, श्रीमती सुखदा उमाकांत रेठरेकर, वय पंच्याहत्तर, राहणार यशवंतपूर, बेंगळुरू, पूर्ण शुद्धीवर आणि स्वतःच्या मर्जीने हे मृत्युपत्र करते. गुडघे गेले असले तरी डोके शाबूत आहे, आणि डॉ. अंजली यांनी तसे लिहून दिले आहे.

१. यशवंतपूरचे दुमजली घर माझ्या यजमानांनी नोकरीत असताना स्वकष्टाने बांधले आणि हयातीतच बक्षीसपत्राने माझ्या नावे केले. ते मी गौरी वासुदेव देवपुजारी हिला देते. गौरी ही माझा मुलगा जितेंद्र याची घटस्फोटित पत्नी. कोर्टाचा हुकूम झाल्या दिवसापासून कायद्याने ती माझी कोणी लागत नाही, म्हणून तर हा खटाटोप. नाहीतर माझ्यामागे तिला आणि माझी नात वेदिका हिला कोणीही बाहेर काढील.

हे असे का, असे पुढे कोणी विचारील म्हणून सांगून ठेवते. जितेंद्र आणि गौरी तीन वर्षे फॅमिली कोर्टात भांडत होते. माणसे दोघेही चांगली, पण समोरासमोर आली की ठिणगी पडायची. शेवटी मध्यस्थी केंद्रात तडजोड ठरत आली. तक्रारी मागे घ्यायच्या, दागिने परत करायचे, वेदिका आईकडे आणि सुटीत बाबांकडे, इतके जमले. अडले ते घरावर. घर कोणी सोडायचे यावरून दोन्ही वकील हमरीतुमरीवर आले होते आणि घराची मालकीण बाहेर बाकावर नातीला चिवडा भरवत बसली होती. मग मीच उठून आत गेले. "घर माझे आहे आणि मी अजून जिवंत आहे," म्हणाले. मध्यस्थ बाईंनी खुर्ची दिली, "अम्मा, स्वल्प पाणी प्या," म्हणाल्या, आणि तुम्हाला कोणाबरोबर राहायचे आहे, असे विचारले. इतक्या दिवसांत हे मला कोणी विचारलेच नव्हते. जितेंद्रकडे बघवेना, तरी मी गौरीचे नाव घेतले.

जितेंद्रने आपल्या वकिलाला हाताने थांबवले. मग "सरी, ठीक आहे, तसंच लिहा," म्हणाला आणि त्याने सही केली. बाळा, त्या सहीबद्दल मी तुझी जन्माची ऋणी आहे. तुला ताणायचे असते तर खूप ताणता आले असते. पुण्याला गेलास, पण रविवारचा फोन तू कधी चुकवला नाहीस.

२. जितेंद्रला बँकेतील ठेव आणि यजमानांची हत्यारांची पेटी द्यावी. मला अग्नी त्यानेच द्यावा. त्याचे विमान चुकले तर गौरीने द्यावा, आणि त्यावर स्मशानात वाद घालू नये.

३. पाटल्या वेदिकेला.

४. माझ्या नणंदबाई विद्यावन्सं यांनी कोर्टाच्या आवारात, सुनेने म्हातारीला भुलवले, असे चारचौघांत म्हटले होते. त्यांना माझे पितळी पुरणयंत्र. एकदा नेले तेव्हा परत आणायला मला स्वतः जावे लागले होते. आता कायमचे न्यावे.

५. मृत्युपत्र माणूस गेल्यावरच लागू होते, असे वकील सांगतात. असू दे. हे कलम मी आज संध्याकाळीच गौरीला वाचून दाखवणार आहे. गौरी, तुझ्या ऑफिसातला चंदन तुला लग्नाचे विचारतो आहे आणि "आईंना कोण बघेल?" म्हणून तू त्याला नाही म्हणतेस. मला कोणी सांगितले म्हणून डोळे वटारू नकोस, त्यानेच सांगितले, अगदी रडकुंडीला येऊन. पोटच्या लेकीने केले नसते इतके तू माझे केलेस. ते उपकार माझ्याने फिटायचे नाहीत. पण माझ्या मरणापर्यंत स्वतःला अडकवून ठेवू नकोस. तू लग्न केलेस तरी घर तुझेच. वरचा मजला तुम्ही घ्या, मला तसाही जिना चढवत नाही.

वरील सर्व मजकूर मी स्वतः वाचला, पटला, आणि दोन्ही साक्षीदारांसमोर सही केली.

सही: सुखदा उमाकांत रेठरेकर
साक्षीदार: १. गुरुप्रसाद हेगडे, शेजारी
२. डॉ. अंजली शानभाग
ठिकाण: बेंगळुरू
दिनांक: १४ नोव्हेंबर २०२४

खाडाखोडीची नोंद: दुसऱ्या साक्षीदाराच्या जागी आधी चंदनचे नाव टाइप झाले होते, कारण आज मला गाडीतून इथे वकिलांच्या ऑफिसात तोच घेऊन आला. ते मी खोडायला लावले. घरच्या माणसाची साक्ष घेऊ नये, असे वकीलच म्हणाले होते.