चोवीस तासांची कॅन

सोम., ७ जुलै
सु.चा चोवीस तासांच्या लघवीचा रिपोर्ट आला. आठवीच्या वर्गाला गणित घालून फोनवर पाहिला. लघवी ९०० मिली. क्रिएटिनिन दर शंभर मिलीला ५८ मिग्रॅ. म्हणजे दिवसाचं ५२२. तिचं वजन ५२. किलोमागे दहा.

अकोल्याचे डॉक्टर म्हणाले होते, बाईमाणसाचं किलोमागे पंधरा ते वीस यायला हवं. दहा म्हणजे अंगात मांस नाही, किंवा लॅबच्या कॅनमध्ये दिवसभराची सगळी लघवी नाही. अंगणवाडीत आलेली आहाराची पोती सु. एकटी उतरवते. मांस आहे.

मग बाकीची गेली कुठे?

८ जुलै
डॉ.ना फोन. "हे अपुरं आहे. यावर त्यांची किडनी घ्यायची की नाही, मी ठरवू शकत नाही. पुन्हा करा." पाणी कमी प्यायली असेल का? तर नाही. पाण्याने लघवी वाढते-घटते, क्रि. नाही. ते स्नायूंतून रोज जवळपास तेवढंच येतं. वर पाणी ओतलं तरी बेरीज तीच.

माझ्या दोन्ही किडन्या बसत चालल्या. डायलिसिस काही महिन्यांवर. देते म्हणून तीच पुढे आली, मी मागितली नव्हती. आता मनात येतं, मुद्दाम ओतून दिली असेल तर? सोळा वर्षांचा संसार आणि मी बायकोच्या लघवीचा पंचनामा करतोय.

शेवटी विचारलंच, एखादी वेळ सुटली का?
"मास्तर, आता माह्या मुताचं बी गणित मांडसान का?"
एरवी असं बोलून हसते. आज भाकरी थापत राहिली.

१० जुलै
अंगणवाडीची मदतनीस रस्त्यात भेटली. म्हणाली, मानोऱ्याची मीटिंग अजून झालीच नाही, पुढच्या आठवड्यात हाय, सर.
कॅनच्या दिवशी सु. सकाळच्या एस.टी.ने मीटिंगला म्हणूनच गेली होती. परत आली दिवे लागताना. कॅन घरीच होती.
बेरीज कुठे तुटली ते कळलं. कशासाठी तुटली ते…

१३ जुलै, रवि.
सांगितलं तिने. मी न विचारता, कपडे वाळत घालताना, पाठमोरी.
"माहेरी गेलती, रिठदले. आईले इचाराले."
"मग?"
"रडली. म्हणे, तुह्या लेकीचं लगन व्हाचं हाय. तुले काही झालं तं तिनं कोनाकडं पाहाव?"
"मले सांगितलं काहून नाही?"
"तुमचं तोंड पाहून. आशा लावून बसल्यावानी दिसते."

खरं आहे. लावून बसलोय. मला जगायचं आहे. हे इथेसुद्धा लिहायची लाज वाटते.

म्हटलं, नको करू पुन्हा. ती म्हणाली, कॅन आना.

२० जुलै, रवि.
सकाळी ६ ला पहिली लघवी बाहेर टाकली, तिथून मोजणी. यावेळी उद्या ६ पर्यंत गावाबाहेर कुठेच जाणार नाही म्हणाली. कॅन मोरीजवळ ओल्या पोत्यावर.

चार वाजता बुद्धविहारात वर्षावासाच्या ग्रंथवाचनाला गेली, समोरच आहे. "आलोच तासाभरात."

घरात मी आणि कॅन. मुलगी शिकवणीला.

जे केलं ते लिहितो. कॅन उचलली. झाकण काढलं. अर्धी मोरीत ओतायची आणि तेवढंच पाणी घालायचं. वरून कुणाला कळणार नाही, पण बेरीज अर्धी येईल. डॉ. म्हणतील, यांच्याकडून होत नाही, सोडा. कुणी कुणाला नाही म्हणायला नको. सासूबाईंनाही सुटल्यासारखं होईल. मला तिच्या तोंडावर नको म्हणवत नाही, आणि घेतोही म्हणवत नाही. भित्रा आहे मी.

कॅन वाकवली तेव्हा दिसलं. बाजूला स्केच पेनच्या रेघा. अंगणवाडीतल्या पोरांच्या वजनाच्या तक्त्यावर मारते तशाच, पातळीला एकेक. ८.२०. ११.०५. १.३०. ३.४५. मी शाळेत सांगतो तसं, वेळेसकट.

झाकण लावलं. हात धुतले. परत धुतले.

ती आली ती सरळ मोरीकडे. पातळी पाहिली की नाही, माहीत नाही.

२१ जुलै
६ वाजता शेवटची घातली. मग कॅन ओढणीत गुंडाळून स्वतः मानोऱ्याला लॅबमध्ये देऊन आली. माझ्या हातात दिली नाही. सहज असेल.

२३ जुलै, बुध.
१५५० मिली. दर शंभराला ६०. दिवसाचं ९३०. भागिले ५२, जवळपास अठरा.

पूर्ण. दोनदा मांडलं. एक वेळही सुटलेली नाही. रक्ताच्या आकड्याशी ताडून डॉ. म्हणाले, किडन्या चांगल्या चालतात, पुढच्या तपासण्यांना दोघांनी या.

सु. अंगणवाडीतून आली, चप्पल काढता काढता विचारलं, "आता तं भरली ना?"
"भरली."
"मंग अकोल्याले कवा जाचं?"

मी म्हणालो, एवढ्या वह्या तपासून होऊ दे, मग सांगतो. ती बरं म्हणाली आणि चहा ठेवायला गेली.

वह्या दुपारीच तपासून झाल्या होत्या.