भिंतीवरचं लगीन पुसलं त्याची हकीकत

मु. पेडगाव, जि. परभणी
सोमवार

सौ. सगुणाबाई ईनबाई, मुक्काम चुडावा, यांना पेडगावच्या कस्तुराबाईचा दोन्ही हात जोडून रामराम.

आमी इकडं समदे धडधाकट हाव. तुमच्या गुडघ्याचं कसं हाय? माझी शिवकन्या फोनवर म्हणली, सासूबाईंना उठता-बसता लय तरास व्हायलाय, दिवसभर बाजेवरच असतात. ऐकून वाईट वाटलं. पण बसल्या जागी करायसारखी कामं बी लय असतात, अन् तुमी रिकामं बसणाऱ्यातल्या न्हाईत हे मला माहीत हाय. ईवाई दत्तरावांचा चष्मा आमच्या ओट्यावर राहिला, तो सुखरूप हाय. पत्र पाहून नवल वाटंल. फोनवर मी मुद्द्यावर आले की तुमच्याकडची रेंज जाते, म्हणून कागद घेतला. शाळा माझी दुसरीपर्यंत, तुमची सातवीपर्यंत (हे तुमी मला सोयरीक झाल्यापास्नं तेवीस वर्षांत विसरू दिलं न्हाई), तवा अक्षराला हसा, पण मजकूर शेवटपर्यंत वाचा.

आता तुमी म्हणाल, ह्या म्हातारीचा अन् कंप्युटरच्या खेळाचा काय संबंध. तर आमची अर्पिता, भागवतची पोरगी, परभणीला शेतकीच्या कॉलेजात जाती. सकाळच्या बसनं जाती, संध्याकाळी येती. ती जो खेळ खेळती त्यात एक मोठं रान हाय. त्या रानात दुनियेची माणसं एकाच टायमाला शिरतात. अंगावर लंगोटी अन् हातात दगड, तिथून सुरुवात. लाकूड तोडा, दगड फोडा, घर बांधा, जनावरं माणसाळवा, अन् कुणी मारायच्या आत जिवंत राहा. (म्या पन्नास वर्षं हेच केलं, मला कुणी खेळ म्हणलं न्हाई.) अर्पितानं तिथं नदीकाठाला दगडी किल्ला बांधलाय, अन् नदीच्या पल्याड तुमच्या नागेशचा किल्ला. तुमचा म्हणजे माझा बी, शिवकन्येच्या पोटचा हाय. गोम अशी की खेळणारा कॉलेजात गेला म्हणून रान थांबत न्हाई. चोर येतात, कोंबड्या नेतात, दार फोडतात. म्हणून दिवसाची राखण माझ्याकडं आली. ज्वारी हुरड्यावर आली की माळ्यावर उभी राहून गोफण फिरवणारी बाई मी, मला राखण काय शिकवता? पहिल्याच आठवड्यात दोन चोर पिटाळले. त्यातला एक परदेशातला होता म्हणे. माझ्या शिव्या त्याला कळल्या नसतील, पण पळाला बरूबर. शिवाय तिथं माझी एक म्हैस हाय. अर्पिता तिला लांबलचक विंग्रजी नाव सांगती अन् लाखो वर्षांमागचं जनावर हाय म्हणती. शिंगं हायती, पाला खाती, पो टाकती, म्हणजे म्हैसच. एक शिंग नाकावर जास्तीचं हाय, असू दे. नाव ठेवलं गंगी.

शनिवारच्या आदल्या शनिवारी मी खऱ्या म्हशीला पेंड टाकायला गोठ्यात गेले. अर्ध्या तासात परत येऊन स्क्रीनकडं बघते तर किल्ल्याच्या दर्शनी भिंतीवर लालभडक रंगानं, हातभर अक्षरात, कुणीतरी लिहिलेलं: श्री गणेश प्रसन्न, शुभविवाह, चि. नागेश आणि चि. सौ. कां. अर्पिता, सोयऱ्यांनी अगत्य येण्याचं करावं. बाजूला केळीचं झाड, अन् त्यावर एक पोपट. खेळात ब्रश मिळतो, रानातली फळं उकळून रंग होतो, अन् कुणाच्याबी भिंतीवर बाहेरून फासता येतो. आपल्या गावात इलेक्शनला करतात तसंच. ईनबाई, ज्यानं कुणी हे केलं त्याचा ब्रश मोडो, त्याच्या रंगात किडे पडो, त्याच्या किल्ल्यात घूस शिरो. तुमी बी मनातल्या मनात दोन शिव्या घाला, मला बरं वाटंल.

तासाभरात त्याचा फोटो आपल्या सोयऱ्यांच्या व्हॉट्सॲपवर. कुणी टाकला देव जाणे. (पहिला फोटो चुडाव्याच्या नंबरावरून आला, पण चुडाव्यात काय नंबर कमी हायेत?) पंचेचाळीस जणांनी हात जोडले, सेलूच्या मावशीनं तारीख विचारली, अन् भागवत, माझं लेकरू, गहूभर डोक्याचं, मला म्हणतो, आई, आता भिंतीवर चढलंच हाय तर करून टाकू. मामाची पोरगी भाच्याला देणं रीतीतलंच हाय, अन् लगीनाचं लिहिलेलं पुसत न्हाईत. संध्याकाळी तुमच्याकडनं निरोप बी तोच आला, की गुरुवारी ईवाई बैठकीला येतील, लिहिलेलं लगीन पुसलं तर घराला अपशकुन, असं सगुणाबाई म्हणतात. हे खरं हाय की आपल्याकडं दारावरचं लगीन कुणी पुसत न्हाई, पावसानं जाईल तवा जाईल. शिवकन्येचं अजून आमच्या दाराशेजारी 'शिव' एवढं दिसतंय. म्या अर्पिताला बाजूला घेऊन इचारलं, तुझं काय? ती म्हणली, "आजी, नागेश चांगला हाय, पण मला नको. मला शिकायचंय. पण पप्पांनी शब्द दिला तर मी काय करू?" रडली बिडली न्हाई. (रडली असती तर म्या तिला बैठकीतच बसवलं असतं, ईवाई रडणं बघूनच उठले असते.) तवाच ठरवलं, गुरुवारच्या आत भिंत साफ. अपशकुनाचं म्हणाल तर माझं कुंकू जाऊन अकरा वर्षं झाली. माझ्या हातानं पुसलं तर आता माझं आणखी काय जाणार?

पहिल्या दिवशी पाणी मारलं. नदीवरनं चामड्याच्या पिशवीत चाळीस खेपा केल्या. गंगी पिऊन तट्ट फुगली, भिंत जशीच्या तशी. तिकडं पाऊस बी पडला, एक टिपका उतरला न्हाई. असा रंग आमच्या ग्रामपंचायतीला मिळाला असता तर शाळेची भिंत दरसाल खरवडली नसती. दुसऱ्या दिवशी म्हणलं पाडावी भिंत, पण अर्पितानं शपथ घातली, तिच्यावर वरचा मजला हाय, समदं खाली येईल. तवा चुना मारायचं ठरलं. पांढरा रंग केला अन् सुरू झाले. चुना मारण्यात पेडगावात माझा हात धरणारं कुणी न्हाई, पण इथं ब्रश कुठं टेकतोय ते माझ्या म्हाताऱ्या डोळ्याला नीट कळंना. आधी गंगी पांढरी झाली, मग मी स्वतः पिठात लोळल्यासारखी बुरकुंडी झाले, अन् भिंतीवर 'चि. नागेश' तेवढं झाकलं अन् रंग संपला. राहिलं काय? शुभविवाह, कोरी जागा, अन् चि. सौ. कां. अर्पिता. म्हणजे नवरा पाहिजे अशी जाहिरातच की हो! त्याचा बी फोटो गेला. दुपारपर्यंत तीन बायोडाटे आले. त्यातला एक पूर्णा तालुक्यातला, ट्रॅक्टरसंगट फोटो काढलेला. भागवत चष्मा लावून तो वाचायला लागला, म्या त्याच्या हातातून मोबाईल काढून पिठाच्या डब्यात ठेवला.

मग कळलं की हा रंग फक्त साबणानं निघतो, अन् साबण आपणच बनवायचा. म्हणलं सोपं हाय, रीठे गोळा करू. एवढं रान पालथं घातलं, एक रीठ्याचं झाड न्हाई! काय जंगल केलंय मेल्यांनी! त्यांच्या साबणाला लागतं जमिनीतलं तेल, अन् बर्फातल्या बुटक्या पक्ष्याच्या अंगातला चिकट ऐवज. बर्फ तिकडं डोंगरापलीकडं. गेले. वाटेत तीनदा मेले. एकदा मगरीनं नेलं, एकदा थंडीनं काकडून, अन् एकदा उंचावरनं खाली बघताना पाय सुटला. दरवेळी परत लंगोटीवर किल्ल्यात उठायचं अन् परत निघायचं. दहावा न्हाई, तेरावा न्हाई, एका घरात तीन मैती अन् कुणी सुतक पाळलं न्हाई. बुधवारची दुपार झाली तरी साबणाची वडी काही हाती आली न्हाई. किल्ल्यात येऊन बसले, गंगीपुढं पाला टाकला, अन् खरं सांगते ईनबाई, म्हणलं, हरले.

तवा दाराशी कुणीतरी येऊन एक गाठोडं टाकून गेलं. उघडते तर पाच वड्या साबण! (कुणी टाकलं ते सांगणार न्हाई. शब्द दिलाय.) मग काय, पदर खोचला. खेळातल्या बाईला पदर न्हाई, म्हणून माझा खोचला. भिंत चोवीस फरशांची, अन् साबण एकेका फरशीला वेगळा लावावा लागतो, एका वडीत आठ फरशा. एक फरशी दोनदा पुसली तर वडी फुकट. चुना वरून खाली मारतात, तसं वरनं सुरू केलं. आधी गणपतीला हात जोडले, म्हणलं, देवा, तुझं नाव पुसायले त्याचा राग धरू नको, तुला ज्यानं इथं आणलं त्याला बघ. मग शुभविवाह गेला. मग अर्पिता निघाली. काय सांगू, ते नाव भिंतीवरनं उतरताना पोरगी वऱ्हाडाच्या गाडीतनं उडी मारून कॉलेजच्या बसमधी बसल्यासारखं दिसलं. मग चुन्याखालचा नागेश निघाला. सांजच्याला एक कोपरा सोडला तर भिंत अशी लखलखीत झाली की कारागिरानं नुकतीच रचून दिल्यासारखी. दोन वड्या उरल्या बी.

गुरुवारी ईवाई दोन भाऊबंद घेऊन आले. अर्पिता घरी नव्हती. तिचा पेपर होता, म्या तिला तासभर आधीच बसस्टँडला हाकललं. ईवायांनी चहा घेतला, घसा साफ केला अन् म्हणले, भिंतीवरच चढलंय तवा आपण आता नाही म्हणणारे कोण? भागवत मुंडी हलवायच्या बेतात होता. म्या लॅपटॉप उचलला अन् त्यांच्या मांडीवर ठेवला. म्हणलं, "ईवाई, वाचा की, कुठं चढलंय?" त्यांनी चष्मा काढला, धोतरानं पुसला, लावला, परत काढला. भाऊबंद दोन्हीकडनं वाकले. एक म्हणला, काल तर होतं. म्या म्हणलं, "काल तुमी कुठनं बघितलं, नदीच्या पल्याडनं?" त्यानं रिकामी कपबशी परत तोंडाला लावली. मग भागवतला बी कंठ फुटला, म्हणला, अर्पिताचं शिक्षण होऊ द्या, मग बघू. माझ्या पोराच्या तोंडून हे वाक्य निघायला भिंत पुसावी लागली, पण निघालं. ईवाई एवढ्या घाईनं उठले की चष्मा तिथंच राहिला. अर्पिता संध्याकाळी आली, पेपर बरा गेला म्हणली, अन् भाकरीवर दोन वाट्या भाजी खाल्ली. जिंकलं म्हणतात ते हेच.

तर एवढंच कळवायचं होतं. तुमच्या मनात राग न्हाई हे मी गृहीत धरलंय, असला तरी तो गुडघ्याला चांगला नसतो. घरच्या लहानांना आशीर्वाद, थोरांना नमस्कार, अन् मधल्यांनी आपापलं बघावं.

तुमची
कस्तुराबाई

ता. क. चष्मा ह्या पाकिटात बसंना, तो शिवकन्या इकडं आली की तिच्यासंगट देईन.

ता. क. दुसरा. साबण कुणी दिला ते सांगणार न्हाई म्हणले, पण त्यानंच काल फोन करून सांगितलं की आजी, तूच सांग, मला आमच्या आजीपुढं बोलायची हिंमत न्हाई. नागेशनं दिला. तुमच्याच किल्ल्याच्या कोठीतनं. त्याला बी हे लगीन नको हाय, पण तुमी बाजेवरनं एक नजर टाकली की पोराची वाचा बसती. त्याला रागावू नका. रागावलात तर मी गुडघ्याची विचारपूस करायला जातीनं येईन अन् महिनाभर राहीन.

ता. क. तिसरा. भिंतीवरचं समदं पुसलं, पण पोपट ठेवलाय. त्याची चोच विळ्यासारखी अन् शेपूट कोंबडीचं. असाच पोपट शिवकन्येच्या लग्नात तुमच्या दारावर बघितला होता, अन् तुमी म्हणला होतात की हा माझ्या हातचा. तमाम परभणी जिल्ह्यात असा पोपट काढणारी बाई एकच. 'अगत्य येण्याचं करावं' हे बी बावीस वर्षांचं पोरगं लिहील व्हय? तर गुडघा दुखायला लागल्यापास्नं तुमी बी खेळायलात हे मला पहिल्याच शनिवारी कळलं होतं. शिव्या जरा मोजून घातल्या त्या म्हणूनच. पोपट मात्र झ्याक हाय, तुमाला मानलं.

ता. क. चौथा, अन् खरं काम हे. आमची गंगी वयात आलीया, अन् त्या आख्ख्या रानात तिच्या जातीचा माणसाळलेला रेडा एकच, तुमच्या किल्ल्यात बांधलेला. आठ दिवसांसाठी तो इकडं पाठवा. पिल्लू झालं तर पहिलं तुमाला. आज सकाळी तुमचे डोळे चुकवून तुमच्या फाटकावर लिहून आले हाय: शुभविवाह, चि. रेडा आणि चि. सौ. कां. गंगी, स्थळ पेडगावचा किल्ला. अक्षर तुमच्यासारखं न्हाई, पण लांबून वाचता येतं. उरलेल्या दोन्ही वड्या माझ्या पेटीत हायती. तुमच्या कोठीत आता एक बी न्हाई, नागेशला विचारून बघा. तवा ईनबाई, मुहूर्त तुमी काढा. लिहिलेलं लगीन पुसलं तर घराला अपशकुन होतो, हे तर तुमीच समद्यांना कळवलं होतं.